ओसामु तेझुका : कागदावर सिनेमा, पडद्यावर काटकसर

१ जानेवारी १९६३ च्या संध्याकाळी जपानमध्ये फुजी टीव्हीवर एका यंत्रमानव मुलाची अर्ध्या तासाची चित्रमालिका सुरू झाली. तिचं जपानी नाव ‘तेत्सुवान आतोमु’. जपानबाहेर ती ‘अॅस्ट्रो बॉय’ म्हणून ओळखली जाते. दर आठवड्याला अर्धा तास, तोही अॅनिमेशनचा, असा प्रकार जपानच्या टीव्हीवर याआधी झाला नव्हता. आज ‘अॅनिमे’ या नावाने जगभर पसरलेल्या उद्योगाचा साचा या मालिकेने घडवला.

ती करणारे ओसामु तेझुका तेव्हा चौतीस वर्षांचे होते. सतरा वर्षं ते चित्रकथा काढत होते. वैद्यकाची पदवी त्यांच्याकडे होती, डॉक्टरेटही होती. साठाव्या वर्षी ते गेले, तोवर त्यांनी काढलेल्या पानांची संख्या दीड लाखाच्या घरात पोचली होती. या आकड्याने माणूस थक्क होतो, पण त्यांचं मोठेपण त्यात नाही. आधी त्यांनी सिनेमाची गती कागदावर उतरवली आणि पुढे कागदावरची काटकसर सिनेमात नेली. पहिल्या देवघेवीतून जपानी चित्रकथा उभी राहिली. दुसरीतून टीव्हीचं अॅनिमेशन शक्य झालं, पण त्याची किंमत फार जणांना मोजावी लागली, खुद्द तेझुकांनाही.

ताकाराझुकातलं बालपण

तेझुकांचा जन्म ३ नोव्हेंबर १९२८ चा, ओसाका प्रांतातल्या तोयोनाका इथला. ते पाच वर्षांचे असताना कुटुंब ताकाराझुकाला राहायला गेलं. हे गाव एका नाट्यमंडळीसाठी प्रसिद्ध आहे. मंडळीत सगळ्या स्त्रिया, पुरुषांच्या भूमिकाही स्त्रियाच करतात; आपल्या बालगंधर्वांच्या रंगभूमीच्या नेमकं उलट. आई त्यांना हे खेळ पाहायला नेई. झगमगते पोशाख, मोठाले डोळे रंगवलेल्या नट्या, गाणी हे सगळं त्यांच्या मनात मुरलं. १९५३ मध्ये त्यांनी मुलींच्या मासिकासाठी ‘रिबोन नो किशी’ ही चित्रकथा सुरू केली. तिची नायिका राजकन्या सफायर. तिच्यात मुलाचं आणि मुलीचं अशी दोन हृदयं आहेत आणि राज्य टिकवण्यासाठी तिला मुलगा म्हणून वावरावं लागतं. ती कथा या गावाशिवाय सुचली नसती, असं मला वाटतं.

वडिलांना छायाचित्रणाचा नाद होता. त्यांनी घरी एक छोटा फिल्म प्रोजेक्टर आणला होता आणि त्यावर मिकी माऊसचे आणि फेलिक्स मांजराचे लघुपट लागत. घरात चित्रकथांची पुस्तकं भरपूर होती, आणि आई ती पात्रागणिक आवाज बदलून वाचून दाखवी. चष्मा, कुरळे केस आणि लहानखुरी चण यांमुळे शाळेत हा मुलगा चिडवला जाई. चित्र काढायला लागल्यावर मात्र तेच सवंगडी भोवती जमू लागले.

दुसरा नाद किड्यांचा. किडे पकडायचे, त्यांची हुबेहूब चित्रं काढायची, वह्या भरायच्या. भुंगेऱ्याच्या एका जातीचं नाव स्वतःच्या नावाशी जुळतं हे लक्षात आल्यावर त्यांनी लेखननावात ‘किडा’ या अर्थाचं अक्षर जोडलं आणि आयुष्यभर ठेवलं. पुढे काढलेल्या कंपनीलाही त्यांनी तेच अक्षर दिलं : मुशी प्रॉडक्शन.

रिकाम्या थिएटरातला एक चित्रपट

युद्धाच्या शेवटच्या वर्षी शाळकरी मुलांना कारखान्यांत कामाला जुंपलं होतं. तेझुका ओसाकाच्या शस्त्रकारखान्यात होते. जून १९४५ च्या बॉम्बहल्ल्यात ते तिथेच होते आणि थोडक्यात वाचले. आजूबाजूचं शहर जळालं, नदीकाठी प्रेतं पडली होती. ही दृश्यं त्यांच्या चित्रकथांमध्ये वेगवेगळ्या रूपांत परत येत राहिली. त्यांच्या कथांमध्ये माणसं फार मरतात, लहान मुलंसुद्धा. मुलांसाठी लिहिणाऱ्याने मरण लपवू नये ही त्यांची भूमिका तिथून आली.

त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये ओसाकाच्या एका जवळजवळ रिकाम्या थिएटरात त्यांनी ‘मोमोतारो : समुद्रातले दिव्य सैनिक’ हा मित्सुयो सेओ यांचा अॅनिमेशनपट पाहिला. नौदलाच्या पैशातून झालेला हा युद्धप्रचाराचा चित्रपट. सोळा वर्षांच्या तेझुकांना त्यातला प्रचार दिसत होता, पण मधल्या हळुवार प्रसंगांनी ते रडले. आयुष्यात एकदा तरी असा चित्रपट करायचा हे त्या दिवशी ठरवल्याचं त्यांनी पुढे लिहिलं आहे. म्हणजे अॅनिमेशन हे त्यांचं मूळ स्वप्न होतं आणि चित्रकथा हा तिथवर पोचायचा रस्ता. तो रस्ताच पुढे मुक्कामाहून मोठा झाला.

लाल मुखपृष्ठांची पुस्तकं

युद्धानंतर त्यांनी ओसाका विद्यापीठात वैद्यकाचा अभ्यास आणि चित्रकथा असं दोन्ही चालवलं. जानेवारी १९४६ मध्ये मुलांच्या एका वृत्तपत्रात ‘माचानची रोजनिशी’ ही चार चौकटींची मालिका सुरू झाली, तेव्हा ते सतरा वर्षांचे होते. खरी उडी १९४७ च्या ‘शिन ताकाराजिमा’ने, म्हणजे ‘नव्या खजिन्याच्या बेटा’ने घेतली. मूळ कथा शिचिमा साकाई यांची, चित्रं तेझुकांची. ओसाकात तेव्हा भडक लाल मुखपृष्ठांची, हलक्या कागदावरची स्वस्त पुस्तकं निघत. खेळण्यांच्या आणि मिठाईच्या दुकानांतून ती विकली जात. हे पुस्तक त्याच बाजारातलं. त्याच्या चार लाख प्रती खपल्या असं सांगितलं जातं. सगळ्या वस्तूंची टंचाई असलेल्या देशात मुलांनी खाऊचे पैसे त्यावर घालवले.

कागदावरची हालचाल

या पुस्तकाची सुरुवात अशी आहे : एक मुलगा मोटार हाकत बंदराकडे निघालाय. मोटार लांबून दिसते, जवळ येते, बाजूने जाते, धूळ उडते. संवाद जवळपास नाहीत. एरवी ही गोष्ट एका चौकटीत आणि एका वाक्यात सांगून लेखक पुढे गेला असता. इथे ती चौकटींच्या मालिकेत पसरली आहे. वाचणाऱ्याचे डोळे एका चौकटीवरून दुसरीवर जातात आणि मोटार धावते.

त्या काळच्या बऱ्याच चित्रकथांत चौकट नाटकाच्या रंगमंचासारखी असे. पात्रं डोक्यापासून पायांपर्यंत दिसत, समोरून दिसत आणि बोलत. तेझुकांनी त्यात कॅमेरा आणला. डोळ्यांचं समीपदृश्य, वरून दिसणारा रस्ता, दार उघडण्याआधी फक्त मुठीवरचा हात. एखादा क्षण ताणायचा असेल तर त्याच्या पाच चौकटी करायच्या, आणि दहा वर्षं ओलांडायची असतील तर दोन चौकटींमधल्या कोऱ्या पट्टीत ओलांडायची. हे सगळं त्यांनी एकट्याने शोधलं असं नाही. युद्धापूर्वीच्या जपानी चित्रकथांतही असे प्रयोग सापडतात. आणि १९८० च्या दशकात समग्र संचासाठी तेझुकांनी हे पुस्तक नव्याने काढलं. ती आवृत्ती मूळ पुस्तकाहून जास्त चित्रपटासारखी आहे, त्यामुळे तिच्यावरून १९४७ चा अंदाज बांधला तर फसायला होतं. पण या तंत्राच्या जोरावर शेकडो पानांची, कादंबरीच्या आवाक्याची गोष्ट सांगता येते हे त्यांनी दाखवलं, आणि त्यांच्या मागून येणाऱ्यांनी तेच उचललं. त्यांच्या चित्रकथांमध्ये शोकांत होते, पश्चात्ताप करणारे खलनायक होते, चुकणारे नायक होते.

आणखी एक गोष्ट त्यांनी सिनेमातून घेतली. आपली पात्रं ही जणू नटमंडळी आहेत असं ते समजत. मिशाळ गुप्तहेर ‘हिगेओयाजी’ एका कथेत शिक्षक असतो, दुसरीत शास्त्रज्ञ, तिसरीत कुणाचा तरी मामा. रॉक नावाचा देखणा मुलगा आधी नायक होता. वयाबरोबर तो खलभूमिकांकडे वळला. नेहमीच्या वाचकाला नवं पुस्तक उघडलं की ओळखीचा नट नव्या भूमिकेत भेटल्याचा आनंद मिळे.

पदवी मिळाली, परवानाही मिळाला. डॉक्टर व्हायचं की चित्रकार, हा प्रश्न आईपुढे ठेवला तेव्हा तिने विचारलं, तुला आवडतं काय? चित्रकथा, असं उत्तर आल्यावर ती म्हणाली, मग तेच कर. ही आठवण तेझुका नेहमी सांगत.

तोकिवा-सोचं वळण

ओसाका सोडून ते टोकियोला आले आणि १९५३ मध्ये तोशिमा भागातल्या तोकिवा-सो नावाच्या लाकडी चाळवजा इमारतीत राहू लागले. वर्षभराने त्यांनी ती खोली सोडली. त्यांच्या जागी दोन तरुण चित्रकार आले, जे ‘फुजिको फुजियो’ या एकाच नावाने काम करत. तेझुकांनी स्वतःचं टेबल त्यांच्यासाठी मागे ठेवलं. त्या दोघांपैकी हिरोशी फुजिमोतो यांनी पुढे डोरेमॉन निर्माण केला, जो आता मराठी घराघरांतल्या मुलांना ठाऊक आहे. शोतारो इशिनोमोरी आणि फुजियो आकात्सुका हे दिग्गजही याच इमारतीत राहून गेले. मूळ इमारत पाडली गेली. २०२० मध्ये तिची हुबेहूब प्रतिकृती संग्रहालय म्हणून उभी राहिली आहे.

आतोमु : न वाढणारा मुलगा

आतोमुची चित्रकथा एप्रिल १९५२ मध्ये ‘शोनेन’ मासिकात सुरू झाली आणि १९६८ पर्यंत चालली. डॉक्टर तेनमा यांचा मुलगा अपघातात जातो. दुःखाने वेडापिसा झालेला बाप त्याच्यासारखाच यंत्रमानव बनवतो. पण हा मुलगा वाढत नाही हे लक्षात आल्यावर तोच बाप त्याला सर्कशीला विकून टाकतो. पुढे प्राध्यापक ओचानोमिझु त्याला सोडवतात आणि सांभाळतात.

गोष्टीची ही सुरुवात मला फार धारदार वाटते. आतोमुकडे एक लाख अश्वशक्ती आहे, तो उडतो, पण त्याचं दुखणं शक्तीने सुटत नाही. माणसांना तो आपला वाटत नाही आणि यंत्रमानवांमध्येही तो पुरता बसत नाही. हिरोशिमानंतर सात वर्षांनी एका जपानी चित्रकाराने अणूच्या नावाचा मुलगा नायक केला. विज्ञानाने सगळं चांगलं होईल असा भाबडा संदेश त्यात वाचला गेला, त्याची तेझुकांना खंत होती. त्यांना लिहायचं होतं ते भेदभावाबद्दल, आणि माणसाच्या हाती आलेली शक्ती माणसाच्या समजुतीच्या पुढे धावते याबद्दल.

दर आठवड्याला अर्धा तास

चित्रकथांचा पैसा हाती आल्यावर तेझुका पुन्हा जुन्या स्वप्नाकडे वळले. तोएई कंपनीच्या ‘साइयुकी’ (१९६०) या चित्रपटावर काम करून झालं, पण तिथे अंतिम शब्द त्यांचा नव्हता. १९६१ मध्ये त्यांनी स्वतःचा स्टुडिओ उभा केला, जो लवकरच मुशी प्रॉडक्शन झाला. पहिली कलाकृती ‘एका वळणावरची गोष्ट’ (१९६२) ही जवळजवळ संवादहीन आणि धंद्याचा विचार न करता केलेली. स्टुडिओ चालवायचा तर नियमित उत्पन्न हवं, म्हणून आतोमु टीव्हीवर आणायचं ठरलं.

अडचण गणिताची होती. चित्रपटात एका सेकंदाला चोवीस चौकटी लागतात. डिस्नेच्या पद्धतीने प्रत्येक चित्र एक किंवा दोन चौकटींपुरतं वापरलं तर अर्ध्या तासाला दहा हजारांहून जास्त चित्रं लागतात. आठवड्याला एवढी चित्रं कुठल्याच स्टुडिओला शक्य नव्हती. मुशीच्या मंडळींनी सुरुवातीचे भाग दीड-दोन हजार चित्रांत बसवले. कसे, ते पाहण्यासारखं आहे.

प्रत्येक चित्र तीन चौकटींसाठी वापरायचं, म्हणजे सेकंदाला आठच चित्रं. पात्र बोलत असेल तर चेहरा स्थिर ठेवायचा आणि फक्त तोंडाची दोन-तीन चित्रं आलटूनपालटून लावायची. धावणारा माणूस एकाच जागी पाय हलवतो, पाठचं दृश्य सरकवायचं. रागाचा किंवा आश्चर्याचा क्षण असेल तर चित्र हलवायचंच नाही. कॅमेरा त्याच्याजवळ न्यायचा आणि बाकी काम संगीतावर सोपवायचं. आतोमु उडण्याची चित्रं जपून ठेवायची, पुढच्या भागात पाठीमागचं आकाश बदलून तीच वापरायची. अशा साठवलेल्या चित्रांना स्टुडिओत ‘बँक’ म्हणत.

यातली काही तंत्रं अमेरिकेत हॅना-बार्बेरा आधीपासून विनोदी मालिकांसाठी वापरत होते. तेझुकांचं वेगळेपण हे की त्यांनी ती गंभीर, भावनिक गोष्टीसाठी वापरली. आणि ते त्यांना जमलं, कारण स्थिर चित्रांमधून हालचाल भासवणं ते पंधरा वर्षं कागदावर करत आले होते. समीपदृश्य, झटपट बदलणारे कोन, एका चेहऱ्यावर रेंगाळणं हे सगळं चित्रकथेच्या पानावरून थेट पडद्यावर आलं. अॅनिमेशन जाणणाऱ्यांना ते पांगळं वाटलं. प्रेक्षकांना गोष्ट कळत होती आणि ते पुढच्या आठवड्याची वाट पाहत होते. मालिकेच्या गीताचे शब्द शुंतारो तानिकावा या नामवंत कवीने लिहिले होते. प्रेक्षकसंख्येने चाळीस टक्क्यांचा टप्पा ओलांडला. प्रायोजक मेइजी कंपनीच्या चॉकलेटबरोबर आतोमुची चिकटचित्रं मिळत आणि ती गोळा करण्याचं वेड देशभर पसरलं. सप्टेंबर १९६३ मध्ये मालिका अमेरिकेत पोचली. जपानमध्ये ती १९६६ च्या शेवटापर्यंत चालली : एकूण १९३ भाग.

स्वस्ताईची किंमत

एका भागासाठी तेझुकांनी सुमारे साडेपाच लाख येन घेतले असं सर्वत्र सांगितलं जातं. आकड्यावर पुढे वाद झाले आहेत, पण मिळणारी रक्कम खर्चापेक्षा बरीच कमी होती यात वाद नाही. तूट ते चित्रकथांच्या मानधनातून आणि खेळणी, मिठाई, कपडे यांवर आतोमुचं चित्र छापण्याच्या हक्कांतून भरून काढत. दर कमी ठेवला की दुसरं कुणी स्पर्धेत उतरणार नाही, असाही त्यांचा हिशेब होता. तो चुकला. मालिका इतकी गाजली की इतर स्टुडिओ लगेच उतरले आणि वाहिन्यांनी त्यांनाही तोच दर दाखवला.

तेझुकांच्या निधनानंतर लगेच अॅनिमेशन दिग्दर्शक हायाओ मियाझाकी यांनी याच मुद्द्यावर त्यांच्यावर कडक टीका केली. चित्रकार म्हणून तेझुकांचा आपल्यावर किती प्रभाव होता हे मान्य करून ते म्हणाले की या कमी दराच्या पायंड्याने अॅनिमेशन करणाऱ्यांचं नुकसान केलं. मला ही टीका बरीचशी पटते. जपानमध्ये आजही नव्या अॅनिमेटरचं मानधन तुटपुंजं आहे, आणि उत्पन्न खेळण्यांतून व हक्कांतून काढायची रीत तिथूनच रुजली. पण सगळा दोष एका माणसावर टाकणंही बरोबर नाही. वाहिन्यांना आणि प्रायोजकांना दर वाढवायला पुढे अनेक दशकं होती. आणि हेही खरं, की तो दर मान्य केला नसता तर मुशीत शिकलेली पिढी तेव्हा घडली नसती. ओसामु देझाकी, रिनतारो, ‘गंडम’चे योशियुकी तोमिनो हे सगळे मुशीत काम केलेले. मॅडहाउस आणि सनराइज हे दोन मोठे स्टुडिओ १९७२ मध्ये उभे राहिले, ते मुशीतून बाहेर पडलेल्यांनीच काढलेले.

१९६५ मध्ये मुशीने ‘जंगल तैतेई’ आणली, पांढऱ्या सिंहाच्या छाव्याची रंगीत मालिका. जपानी टीव्हीवर संपूर्ण रंगात झालेली ही पहिली अॅनिमेशन मालिका. १९९४ मध्ये डिस्नेचा ‘द लायन किंग’ आला तेव्हा साम्यावरून मोठा वाद झाला. जपानी चित्रकारांनी डिस्नेला पत्र पाठवलं. तेझुकांच्या कंपनीने दावा केला नाही. डिस्ने हेच तेझुकांचं बालपणापासूनचं दैवत होतं. १९६४ मध्ये न्यूयॉर्कच्या जागतिक प्रदर्शनात वॉल्ट डिस्नेंशी त्यांची ओझरती भेटही झाली होती.

दिवाळखोरी आणि बिनपरवान्याचा शल्यविशारद

१९६० च्या दशकाच्या शेवटी तरुण वाचक बदलले. त्यांना रोखठोक, हिंसक, वास्तववादी चित्रकथा हव्या होत्या आणि तेझुकांची गोलसर रेषा त्यांना जुनाट वाटू लागली. त्यांनी ‘कॉम’ हे प्रयोगशील मासिक काढलं आणि त्यात ‘फिनिक्स’ या चित्रकथेचा मोठा भाग लिहिला. मुशीत प्रौढांसाठी ‘हजार आणि एक रात्री’ (१९६९) आणि ‘क्लिओपात्रा’ (१९७०) हे चित्रपट केले. कर्ज वाढत गेलं. १९७१ मध्ये ते मुशीच्या अध्यक्षपदावरून बाजूला झाले. १९७३ मध्ये कंपनी बुडाली. तेझुका संपले, असं उघड बोललं जाऊ लागलं.

त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात ‘शोनेन चॅम्पियन’ साप्ताहिकाने त्यांना थोड्या आठवड्यांची जागा दिली. एका ज्येष्ठ चित्रकाराला सन्मानाने निरोप द्यावा अशी संपादकाची भावना होती. तिथे ‘ब्लॅक जॅक’ जन्मला. चेहऱ्यावर टाक्यांचा व्रण, अर्धे केस पांढरे, शस्त्रक्रियेत अद्वितीय, परवाना नसलेला आणि अवाच्या सवा पैसे मागणारा डॉक्टर. प्रत्येक भागात नवा रुग्ण आणि नवी गोष्ट. निरोपाची मालिका दहा वर्षं चालली.

तेझुकांनी वैद्यकाचं शिक्षण वाया घालवलं असं म्हणणाऱ्याने ‘ब्लॅक जॅक’ वाचावा. (त्यांची डॉक्टरेट १९६१ ची, नारा वैद्यकीय विद्यापीठाची; विषय गोड्या पाण्यातल्या गोगलगायीच्या शुक्रपेशींचा. स्टुडिओ काढला त्याच वर्षी ती मिळाली.) या कथांमधल्या काही शस्त्रक्रिया कल्पनेतल्या आहेत, पण प्रश्न खरे आहेत. किरिको नावाचा दुसरा डॉक्टर असाध्य रुग्णांना मरण देतो. दोघांच्या झगड्यात कोण बरोबर हे तेझुका दर वेळी ठरवून टाकत नाहीत. एका कथेत ज्यांनी लहानपणी ब्लॅक जॅकचा जीव वाचवला ते वृद्ध डॉक्टर होन्मा मृत्युशय्येवर आहेत. जगातला सर्वांत कुशल शल्यविशारद निर्दोष शस्त्रक्रिया करतो, तरीही ते जातात. पेशा असूनही न पत्करलेल्या माणसाने वैद्यकाच्या मर्यादेबद्दल इतकं नेमकं लिहावं, हे मला त्यांच्या सगळ्या कामात सर्वांत हृद्य वाटतं.

तेझुकांचा ‘बुद्ध’

१९७२ ते १९८३ अशी अकरा वर्षं तेझुका गौतम बुद्धांच्या जीवनावर चित्रकथा काढत होते. मराठी वाचकासाठी त्यांच्या साऱ्या साहित्यातलं हे सर्वांत जवळचं पुस्तक.

सुरुवात शश जातकाने होते : बर्फात कोसळलेल्या भुकेल्या म्हाताऱ्यासाठी आगीत उडी घेणारा ससा. त्यानंतर गोष्ट कपिलवस्तूच्या राजवाड्यात जात नाही. ती जाते चाप्रा नावाच्या गुलाम मुलाकडे आणि तत्ता नावाच्या त्याहूनही खाली ढकललेल्या जातीतल्या पोराकडे, ज्याला प्राण्यांच्या मनात शिरता येतं. चाप्रा कोसलच्या सेनापतीचा जीव वाचवतो, त्याचा दत्तक मुलगा होतो, जात लपवून वर चढतो. आई मात्र त्याच जुन्या रूपात समोर येते. आईला नाकारलं तर वैभव राहील, कबूल केलं तर सगळं जाईल. तो आईला कबूल करतो आणि दोघांचाही जीव जातो. एवढं सगळं होईपर्यंत सिद्धार्थ नुकता कुठे जन्माला येत असतो. बुद्धचरित्राचा सबंध पहिला खंड एका शूद्र मुलाला देणं हा तेझुकांचा सर्वांत धाडसी निर्णय आहे. बुद्धाने कशाला उत्तर दिलं हे सांगण्याआधी त्यांनी प्रश्न मांडला आहे.

धर्मानंद कोसंबींचं ‘भगवान बुद्ध’ आणि बाबासाहेब आंबेडकरांचं ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ वाचलेल्या माणसाला इथे बरंच खटकेल. कोसंबी आणि बाबासाहेब दोघेही दंतकथा बाजूला सारतात आणि गृहत्यागाचं कारण रोहिणी नदीच्या पाण्यावरून शाक्य-कोलियांत पेटलेल्या वादाजवळ शोधतात. तेझुकांना दंतकथा हव्या आहेत. चमत्कार, बोलके प्राणी, मध्येच येणारे आधुनिक विनोद, चौकटीत डोकावणारे खुद्द तेझुका हे सगळं त्यांच्या पुस्तकात आहे. चाप्रा आणि तत्ता त्यांनी कल्पनेतून घडवले, आणि प्राचीन भारताचे तपशीलही सैल आहेत. इतिहास म्हणून हे पुस्तक वाचू नये. पण जातीची क्रूरता हा बुद्धाच्या गोष्टीचा गाभा आहे हे हजारो मैलांवरच्या एका चित्रकाराला दिसलं आणि ते त्याने जपानी मुलांना सांगितलं, याचं मोल मराठी माणसाला वेगळं सांगायला नको. धम्माच्या इतक्या जवळ राहूनही तत्ता सूड विसरू शकत नाही, हेही तेझुका प्रामाणिकपणे दाखवतात. इंग्रजी अनुवादाला २००४ आणि २००५ असे लागोपाठ दोन, चित्रकथांसाठीचे आयस्नर पुरस्कार मिळाले.

अखेरपर्यंत काम

मुशी बुडाल्यावरही त्यांचं अॅनिमेशन सुटलं नाही. टीव्हीसाठी त्यांनी दोन तासांचे विशेष चित्रपट केले, आणि त्याच वेळी स्वतःच्या खर्चाने लहान प्रायोगिक कलाकृती. तिथे मात्र त्यांनी काटकसर सोडली. ‘जंपिंग’ (१९८४) या सहा मिनिटांच्या लघुपटात एकही तुकडा जोडलेला नाही. रस्त्यावर उड्या मारणाऱ्या कुणाच्या तरी डोळ्यांतून आपण पाहतो. उड्या वाढत जातात, घरांवरून, समुद्रावरून, युद्धभूमीवरून. प्रत्येक क्षणी सबंध दृश्य बदलतं, म्हणजे पाठचं चित्र स्थिर ठेवून भागत नाही. जवळपास चार हजार चित्रं लागली. झाग्रेबच्या महोत्सवात त्याला सर्वोच्च पुरस्कार मिळाला. पुढल्या वर्षी हिरोशिमाच्या पहिल्या अॅनिमेशन महोत्सवात ‘मोडक्या फिल्म’ने तोच मान मिळवला. ‘जंगलाची दंतकथा’ (१९८७) हा अॅनिमेशनच्या इतिहासावरचा चित्रपट अपुरा राहिला. त्याचा दुसरा भाग मुलगा माकोतो याने २०१४ मध्ये पुरा केला.

या लघुपटांच्या काळातच ‘तीन आडोल्फ’ची चित्रकथाही झाली : एक हिटलर, एक कोबेतला ज्यू मुलगा आणि एक त्याचा अर्धा जर्मन मित्र. १९८८ मध्ये पोटाच्या कर्करोगाने त्यांना गाठलं. इस्पितळातही ते चित्रं काढत होते. ९ फेब्रुवारी १९८९ रोजी ते गेले तेव्हा बीथोव्हेनच्या जीवनावरच्या कथेसह तीन मालिका अर्धवट होत्या. ताकाराझुकात १९९४ मध्ये त्यांचं संग्रहालय उघडलं.

कुठून सुरुवात करावी

तेझुका इंग्रजीतून वाचणंच सोपं. ‘बुद्ध’ इंग्रजीत आठ खंडांत आहे. पहिल्या खंडात सिद्धार्थ फारसा दिसत नाही म्हणून सोडून देऊ नका, तोच सर्वांत बळकट आहे. कमी वेळ असेल तर ‘ब्लॅक जॅक’. त्यातली प्रत्येक कथा वीसेक पानांत स्वतंत्रपणे पुरी होते आणि कुठूनही उघडता येते. ‘फिनिक्स’ नंतरसाठी ठेवा. तो भूतकाळ आणि भविष्यकाळ यांमध्ये आळीपाळीने फिरतो आणि धीर मागतो. मुलांबरोबर पाहायचं असेल तर आतोमुचा पहिला कृष्णधवल भाग आणि ‘जंपिंग’ एकाच बैठकीत पाहा. पहिल्यात कमीत कमी चित्रांवर गोष्ट कशी उभी केली आहे ते दिसतं, दुसऱ्यात वेळ आणि पैसा यांची फिकीर नसताना हाच माणूस काय काढत होता ते.